नाव बदलायचं नाही

आमच्या घरात 'मरण' हा शब्द कुणी तोंडातून काढायचं नाही. आजी होती तोवर तर नाहीच. माणूस गेला म्हणायचं, वारला म्हणायचं, फार तर देवाज्ञा झाली. बांगडी फुटली तर 'वाढवली', दुकान बंद करायचं तर 'वाढवायचं', आणि घरातून निघताना चुकून 'जातो' म्हटलं की आजी जिन्यावरून परत बोलवायची आणि 'येतो म्हण' म्हणायची, मगच सोडायची. त्यामुळे तीन सख्ख्या भावांनी आपल्या बँडचं नाव 'डेथ' ठेवलं, नुसतंच डेथ, मागेपुढे काही नाही, हे जेव्हा मला कळलं तेव्हा मी आधी गाणी ऐकलीच नाहीत, आधी हे नाव का ठेवलं ते शोधत बसलो. आणि ते शोधताना जी गोष्ट हाती लागली ती गेली काही वर्षं डोक्यातून जात नाहीये, म्हणून आज लिहायला बसलो.

गोष्ट डेट्रॉइटची. अमेरिकेतलं मोटारींचं शहर. हॅकनी आडनावाचं एक कृष्णवर्णीय कुटुंब, त्यातले तीन भाऊ, डेव्हिड, डॅनिस आणि बॉबी. घर देवाधर्माचं. फेब्रुवारी १९६४ मध्ये बीटल्स हा ब्रिटिश बँड पहिल्यांदा अमेरिकेत येऊन टीव्हीवर, एड सलिव्हनच्या शोमध्ये वाजवून गेला, तेव्हा वडिलांनी पोरांना टीव्हीसमोर बसवलं, हे बघा म्हणाले. दुसऱ्या दिवशी डेव्हिडला गल्लीत कुणीतरी टाकून दिलेली एक गिटार सापडली. ती त्यानं उचलून घरी आणली आणि शिकायला लागला. मला ही टाकलेली गिटार फार आवडते. नवीकोरी घेऊन दिली असती तर कदाचित चार दिवसांत कोपऱ्यात गेली असती, सापडलेल्या वस्तूवर माणूस वेगळाच जीव लावतो.

पुढे १९७१ मध्ये तिघांनी मिळून बँड सुरू केला, रॉक फायर फंक एक्सप्रेस नावाचा. डेव्हिड गिटारवर, डॅनिस ड्रम्सवर, सगळ्यात धाकटा बॉबी बास गिटार वाजवणार आणि गाणार. वाजवायचे फंक, ठेक्यावर नाचायला लावणारं काळ्या लोकांचं संगीत, म्हणजे त्या वेळी त्यांच्या वस्तीत जे चालायचं तेच. पण मग डेव्हिड 'द हू' या ब्रिटिश बँडच्या कॉन्सर्टला जाऊन आला आणि तिथे त्याचं डोकं फिरलं. डॅनिस अ‍ॅलिस कूपर या रॉक गायकाला बघून आला. झालं, फंक बंद. आता रॉकच वाजवायचं, आणि तेही जोरात.

इथे जरा थांबून त्या काळचं डेट्रॉइट सांगायला पाहिजे, नाहीतर यात एवढं विशेष काय ते कळणार नाही. हे मोटाउनचं गाव. काळ्या कलाकारांचं गोड, नीटनेटकं, सुटाबुटातलं सोल संगीत जगभर पोचवणारी कंपनी इथली, जरी १९७२ मध्ये तिनं आपलं बिऱ्हाड लॉस एंजलिसला हलवलं तरी. १९६७ मध्ये याच शहरात मोठा वांशिक उद्रेक झाला होता, ४३ माणसं गेली, पाच दिवस शहर जळत होतं, आणि त्यानंतर गोरी कुटुंबं आणखी वेगानं उपनगरांकडे सरकली. शहराचे दोन भाग होतेच, मग रेडिओचेही दोन भाग. काळ्या लोकांच्या स्टेशनवर सोल आणि फंक, गोऱ्यांच्या स्टेशनवर रॉक. एमसी५ आणि स्टूजेस हे आरडाओरडा करणारे, कानठळ्या बसवणारे बँड याच परिसरातले, पण ती पोरं गोरी. आणि या सगळ्यात पूर्वेकडच्या एका काळ्या वस्तीत, एका साध्या घराच्या बेडरूममध्ये, तीन भाऊ अँप्लिफायर पूर्ण उघडून अतिवेगवान रॉक वाजवतायत. शेजारी वैतागलेले. हे गोऱ्यांचं संगीत कशाला वाजवता, आपलं काहीतरी वाजवा, असं ऐकायला लागायचं. आई मात्र पोरांच्या बाजूची. दुपारचे ठरावीक तास दिले होते, त्यात काय तो गोंधळ घाला म्हणून.

मी डोंबिवलीत चाळीत वाढलो, दोन खोल्या, आणि माझा दादा गिटार वाजवायचा. त्यामुळे त्या आईचा आणि त्या शेजाऱ्यांचा, दोघांचाही चेहरा मला दिसतो. आमच्या आईनंही असंच वेळापत्रक लावलं होतं, चारला पाणी यायच्या आत आटपायचं.

मग वडील गेले. दारू पिऊन गाडी चालवणाऱ्या कुणीतरी धडक दिली आणि एका क्षणात संपलं. तिघांवर आभाळ कोसळलं, पण डेव्हिडच्या मनात त्यातून काहीतरी वेगळं उगवलं. तो म्हणाला बँडचं नाव आता डेथ. त्याचं म्हणणं असं होतं की मरण ही गोष्ट सगळे वाईट म्हणून बघतात, ती आपण उलटी फिरवायची, तिच्यातलं चांगलं लोकांसमोर ठेवायचं, कारण जन्मासारखंच तेही एक दार आहे. त्यानं एक चिन्ह पण काढलं, त्रिकोणाच्या तीन टोकांना तीन गोल, आत्मा, मन आणि शरीर, आणि चौथा गोल वेगळा, तो देव. आता हे ऐकल्यावर कुणी म्हणेल तऱ्हेवाईकपणा. मला नाही वाटत. आमच्या गावाकडे वारकरी माणूस गेला तर टाळमृदंगाच्या गजरात नेतात, रडणारे रडतात आणि भजन म्हणणारे भजन म्हणतात, दोन्ही एकाच वेळी चालू असतं. लहानपणी मला ते बघून भीती वाटायची, मोठेपणी आमच्या आजोबांच्या वेळी तोच टाळांचा आवाज धरून मी चालत गेलो. डेव्हिडला जे म्हणायचं होतं ते याच्या फार जवळचं असावं असं मला वाटतं.

पण भावांना हे पटवणं सोपं नव्हतं. बॉबीनं पुढे कितीतरी वर्षांनी सांगितलंय की हे नाव गळी उतरवणं अवघड होतं. तरी ते दोघं तयार झाले. मोठा भाऊ म्हणतोय ना, मग ठीक आहे.

आता रेकॉर्डिंग कुठे करायचं? ओळख कुणाची नाही. तर म्हणे यांनी यलो पेजेसमधलं स्टुडिओंचं पान भिंतीवर लावलं आणि डार्ट मारला. तो लागला ग्रूव्हजव्हिल प्रॉडक्शन्सवर. ही डॉन डेव्हिस या डेट्रॉइटमधल्या नावाजलेल्या प्रोड्यूसरची कंपनी. तिथल्या ब्रायन स्पिअर्सला पोरं आवडली, करार झाला आणि १९७५ मध्ये विशीच्या आतबाहेरची ही तीन पोरं युनायटेड साउंड सिस्टिम्स स्टुडिओत जाऊन उभी राहिली. हा साधासुधा स्टुडिओ नाही हां. ब्लूज गायक जॉन ली हुकरनं १९४८ मध्ये इथे रेकॉर्डिंग केलेलं, मोटाउनच्या मालकाचं अगदी सुरुवातीचं काम इथलं, फंकाडेलिक हा गाजलेला फंक बँड इथला. त्या भिंतींमध्ये हे तिघं.

बारा गाणी करायची ठरली होती, सात झाली. का सात, ते आता सांगतो.

हॅकनी कुटुंबाच्या सांगण्याप्रमाणे या रेकॉर्डिंगमागे क्लाइव्ह डेव्हिसचं पाठबळ होतं. ज्यांना अमेरिकन संगीताचा धंदा माहीत नाही त्यांच्यासाठी, हा रेकॉर्ड कंपन्यांमधला बडा माणूस म्हणजे त्या काळी ज्याच्यावर हात ठेवेल त्याचं सोनं. त्याला गाणी आवडली. फक्त एक अट, नाव बदला. डेथ नावाची रेकॉर्ड दुकानात कोण ठेवणार, रेडिओवर कोण नाव घेणार? धंद्याच्या दृष्टीनं बघितलं तर त्याचं काही चुकलं नव्हतं, आणि हे मी मनापासून म्हणतोय, कारण आपल्याकडे कुणी 'मरण' नावाचं मिठाईचं दुकान काढलं तर आपणही पायरी चढणार नाही. पण डेव्हिड नाही म्हणाला. नाव म्हणजेच सगळी कल्पना, नाव दिलं की सगळंच दिलं, असं त्याचं. पाठबळ गेलं, उरलेली पाच गाणी राहिली ती राहिलीच.

आणि त्याच वेळी त्याच डॉन डेव्हिसनं प्रोड्यूस केलेलं, जॉनी टेलरनं गायलेलं 'डिस्को लेडी' १९७६ मध्ये एवढं चाललं की प्लॅटिनम सर्टिफिकेट मिळालेलं ते अमेरिकेतलं पहिलं सिंगल ठरलं. म्हणजे एकाच छपराखाली एकीकडे हे आणि दुसरीकडे तीन भाऊ आपलं नाव कवटाळून बसलेले. वारा कुठल्या दिशेला वाहतोय हे त्यांना दिसत नसेल असं होऊच शकत नाही. सगळं दिसत होतं.

करार संपला तेव्हा एक चांगली गोष्ट घडली, मास्टर टेप्स, म्हणजे मूळ रेकॉर्डिंगच्या टेप्स, त्यांना परत मिळाल्या. ती टेपची रिळं लक्षात ठेवा.

१९७६ मध्ये त्यांनी स्वतःच ट्रायँगल नावाचं लेबल काढून दोन गाण्यांची एक रेकॉर्ड छापली. एका बाजूला 'पॉलिटिशियन्स इन माय आईज', दुसऱ्या बाजूला 'कीप ऑन नॉकिंग'. प्रती फक्त ५००. रेडिओ स्टेशनांवर नेऊन दिल्या, कुणी वाजवल्या नाहीत. काळ्या स्टेशनांना रॉक नको, रॉक स्टेशनांना हे काय आहे तेच कळेना, आणि सगळीकडे डिस्को. १९७७ पर्यंत बँड संपला.

आता तारखा बघा जरा. पंक, म्हणजे वेगवान, खडबडीत, चिडलेलं रॉक, ज्यांच्या नावानं ओळखतात त्यातल्या न्यूयॉर्कच्या रामोन्सचा पहिला अल्बम एप्रिल १९७६. लंडनच्या सेक्स पिस्टल्सचं पहिलं सिंगल नोव्हेंबर १९७६. आणि डेथची ही सात गाणी १९७५ ची. म्हणून बरेच जण 'पंकच्या आधीचा पंक' असं म्हणतात, कुणी तर थेट पहिला पंक बँड म्हणून मोकळं होतं. मला या पहिला कोण भांडणात पडायचं नाहीये. रामोन्स १९७४ पासूनच न्यूयॉर्कमध्ये वाजवत होते, स्टूजेस त्याही आधीचे, आणि पेरूमध्ये लिमा शहरात लॉस साइकोस नावाची चार पोरं तर १९६५ च्या सुमारास असलं काही किंचाळत होती की आज ऐकलं तरी दचकायला होतं. एकाच वेळी चार ठिकाणी चार जणांना एकच गोष्ट सुचते, कारण हवेतच काहीतरी असतं. पण एक आहे, डेथच्या पोरांना न्यूयॉर्कमध्ये काय चाललंय याचा पत्ता नव्हता आणि न्यूयॉर्कला यांचा नव्हता. त्या बेडरूममध्ये ते स्वतःच्या पायांनी चालत तिथवर पोचले. मला हे पहिलेपणापेक्षा मोठं वाटतं.

पुढे हे भाऊ एका नातेवाइकाच्या आधारानं व्हरमाँट राज्यात बर्लिंग्टनला गेले. डेट्रॉइटच्या मानानं अगदी छोटं, शांत गाव. तिथे डेथ नावाची पत्रकं लावल्यावर लोकांचा भलताच गैरसमज व्हायला लागला, तेव्हा शेवटी नाव बदललं, 'द फोर्थ मूव्हमेंट', आणि ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला भक्तीच्या गाण्यांचे दोन रॉक अल्बम केले. म्हणजे नाव बदललंच की, असं कुणी म्हणेल. हो बदललं, पण कोणाच्या पैशासाठी नाही, आणि ते चौथं म्हणजे त्या चिन्हातला चौथा गोल, देवाचा. सगळी कल्पना तीच राहिली. तेही चाललं नाही. १९८२ मध्ये डेव्हिड डेट्रॉइटला परत गेला. बॉबी आणि डॅनिस व्हरमाँटमध्येच राहिले, संसार थाटले, लॅम्ब्सब्रेड नावाचा रेगे, म्हणजे जमैकन धाटणीच्या संगीताचा, बँड काढला आणि तो वर्षानुवर्षं चालवला.

बहुतेक ठिकाणी ही गोष्ट डेव्हिडची म्हणून सांगतात. तत्त्वासाठी सगळं सोडणारा कलावंत, काळाच्या पुढचा माणूस वगैरे. आहेच तो तसा, माझ्या मनात त्याच्याबद्दल आदरच आहे. पण मी धाकटा भाऊ आहे, आणि मी ही गोष्ट नेहमी बॉबी आणि डॅनिसच्या बाजूनं ऐकतो. ज्यांना नाव मनापासून पटलं नव्हतं ते दोघं. ज्यांच्या समोर आयुष्य बदलून टाकणारी संधी आली होती आणि एका शब्दासाठी गेली. त्यांनी डेव्हिडला एकटं पाडून नवीन गिटारिस्ट घेऊन, नवीन नाव घेऊन सही केली असती तर कुणी नावं ठेवली नसती. त्यांनी ते केलं नाही. घरात आईवडिलांनी एकच शिकवलेलं, भावाच्या पाठीशी उभं राहायचं, आणि ते उभे राहिले. राग आला असेलच, नक्की आला असेल, पण तो त्यांनी घराबाहेर काढला नाही.

माझ्या दादाचा बँड पण असाच होता, नव्वदीच्या शेवटी, चार पोरं, स्वतःची मराठी गाणी. एका कॅसेटवाल्यानं सांगितलं होतं की तुमची गाणी नकोत, गणपतीची आठ गाणी करा, पैसे देतो. दादा नाही म्हणाला. तेव्हा मी अकरावीत होतो आणि मी त्याच्याशी भांडलो. आई थकली होती, घरात पैसा लागत होता, आणि याला आपली गाणी हवीत. आठवडाभर बोललो नाही मी त्याच्याशी. तीन वर्षांनी त्यानं गिटार विकली आणि नोकरीला लागला, त्याबद्दल तो आजवर एक शब्द बोललेला नाही. त्यांची घरीच टू-इन-वनवर रेकॉर्ड केलेली एक कॅसेट आहे, ती माझ्याकडे आहे. त्याच्याकडे नाही, माझ्याकडे. बॉबीबद्दल वाचलं तेव्हा मी उठून कपाटातला डबा काढून ती आहे ना बघून आलो.

कारण बॉबीकडेही टेप्स होत्या. डेव्हिडला पुढे फुप्फुसाचा कॅन्सर झाला. २००० साली, जाण्याआधी, घरातल्या एका लग्नासाठी तो व्हरमाँटला आला आणि येताना त्या मास्टर टेप्स घेऊन आला. बॉबीच्या हातात दिल्या. म्हणाला, एक दिवस जग हे शोधत येईल, तेव्हा तुझ्याकडे असायला पाहिजे. बॉबीनं त्या माळ्यावर ठेवल्या. त्याच वर्षी डेव्हिड वारला. ज्या माणसानं मरणाचं नाव बदलायला नकार दिला तो आपल्या गाण्यांचं काय होणार हे न बघताच गेला, हे वाचताना माझा घसा दरवेळी दाटतो.

आणि जग आलं शोधत. त्या ५०० मधल्या प्रती वर्षानुवर्षं जुन्या रेकॉर्ड जमवणाऱ्यांच्या हातांतून फिरत होत्या, एकेका प्रतीला शेकड्यानं डॉलर मोजले जात होते, आणि २००८ च्या आसपास ती गाणी इंटरनेटवर पसरली. आता यातला सगळ्यात विलक्षण भाग. बॉबीच्या मुलांना यातलं काहीच माहीत नव्हतं. बाबा रेगे वाजवतात एवढंच माहीत. त्याचा एक मुलगा, ज्युलियन, कॅलिफोर्नियात असताना एका पार्टीत डेथचं गाणं त्याच्या कानावर पडलं आणि त्यानं आवाज ओळखला. हा तर आपल्या बाबांचा आवाज! घरी फोन, विचारपूस, आणि मग बॉबीनं इतकी वर्षं न सांगितलेलं सगळं पोरांना सांगितलं. त्यानं आधी का सांगितलं नसेल ते मला कळतं. जी गोष्ट कुणालाच नको होती ती पोरांना काय सांगायची?

माळ्यावरच्या टेप्स खाली आल्या. फेब्रुवारी २००९ मध्ये शिकागोच्या ड्रॅग सिटी लेबलनं ती सातही गाणी काढली, '...फॉर द होल वर्ल्ड टू सी' या नावानं. कव्हरवर नाव तेच, डेथ. न्यूयॉर्क टाइम्सनं मोठा लेख केला, २०१२ मध्ये 'अ बँड कॉल्ड डेथ' नावाची डॉक्युमेंटरी आली, आणि त्याआधी २००९ मध्येच बॉबी आणि डॅनिस लॅम्ब्सब्रेडमधल्या बॉबी डंकनला गिटारवर घेऊन पुन्हा डेथ म्हणून स्टेजवर उभे राहिले, चौतीस वर्षांपूर्वीची गाणी घेऊन. बॉबीच्या तीन मुलांनी, बॉबी ज्युनिअर, ज्युलियन आणि उरायन यांनी, त्याच्या आधीच आपला बँड काढून काकाची आणि बाबांची गाणी वाजवायला सुरुवात केली होती. बँडचं नाव त्यांनी ठेवलं 'रफ फ्रान्सिस'. हे डेव्हिडनंच स्वतःसाठी घेतलेलं टोपणनाव, डेट्रॉइटला परत गेल्यावर तो त्या नावानं गाणी करायचा.

ऐकायचं असेल तर सांगतो. अख्खा अल्बम जेमतेम २६ मिनिटांचा आहे, डोंबिवलीहून घाटकोपरला पोचायच्या आत संपतो. सुरुवात 'पॉलिटिशियन्स इन माय आईज' पासून करा, पावणेसहा मिनिटांचं आहे, म्हणजे पंकच्या हिशेबात भलतंच लांब, राजकारण्यांना साध्या माणसाचं काही पडलेलं नसतं या संतापाचं. व्हिएतनामच्या युद्धाचे ते दिवस, आणि राष्ट्राध्यक्ष निक्सनला राजीनामा द्यावा लागल्यालाही फार दिवस झालेले नव्हते. मधेच ते एकदम मोकळं होतं, नुसता बास आणि ड्रम्स उरतात, आणि मग परत सगळं अंगावर येतं. तिथे डॅनिसकडे लक्ष द्या, लोक नेहमी गिटारबद्दल बोलतात. मग 'फ्रीकिन आउट', तीन मिनिटांच्या आतलं, श्वास घ्यायला जागा नाही असं. आणि 'लेट द वर्ल्ड टर्न' शेवटी ठेवा, ते संथ आहे, स्वप्नासारखं सुरू होतं, त्यात डेव्हिडची गिटार एवढी हळुवार वाजते की हाच माणूस बाकीच्या गाण्यांत वाजवतोय यावर विश्वास बसत नाही. हेडफोन लावून ऐका, मोबाईलच्या स्पीकरवर बासचा आवाजच येत नाही.

मी काल रात्री परत ऐकला पूर्ण अल्बम, आणि मग दादाची कॅसेट बाहेर काढली. टेप चिकटलेली नाहीये. ठाण्यात एक जण जुन्या कॅसेट डिजिटल करून देतो असं कळलंय, शनिवारी घेऊन जातोय. दादाला अजून सांगितलेलं नाही.